क्लाउडवरच्या इव्हेंट स्ट्रीमिंगचा खर्च आधी कसा मोजायचा आणि नंतर आटोक्यात कसा ठेवायचा?

तुम्ही प्रश्नात तीन आकडे दिलेत: दिवसाला सुमारे १७ कोटी इव्हेंट (इव्हेंट म्हणजे सिस्टिममध्ये घडलेल्या एका घटनेची छोटी नोंद), एकेक इव्हेंट सरासरी दीड केबीचा, आणि तोच प्रवाह वाचणाऱ्या चार वेगवेगळ्या सिस्टिम. यावरून महिन्याचा खर्च कसा काढायचा आणि सेवा सुरू झाल्यावर बिल हाताबाहेर जाऊ नये म्हणून काय करायचं, असं विचारलंय. सुरुवात करायला एवढे आकडे पुरतात. गर्दीच्या वेळचा वेग मात्र राहिलाय आणि तो लागणारच आहे, त्याच्याबद्दल पुढे लिहितो.

मी डेटा प्लॅटफॉर्मवर काम करतो, असे अंदाज नेहमी काढावे लागतात. दर चुकीचा धरल्यामुळे अंदाज फसलेला मी क्वचितच पाहिलाय. फसतो तो मोजणीत. इव्हेंट आत येताना एकदा मोजला जाईल, एवढंच लोक धरतात. प्रत्यक्षात तोच इव्हेंट लिहिताना, त्याच्या प्रती ठेवताना, साठवताना, प्रत्येक वाचकाकडे जाताना आणि एका झोनमधून (क्लाउडच्या एकाच प्रदेशातल्या डेटा सेंटरच्या एका गटातून) दुसऱ्यात जाताना पुन्हा पुन्हा मोजला जाऊ शकतो. म्हणून प्राइसिंग कॅल्क्युलेटर उघडण्याआधी एका इव्हेंटचा प्रवास कागदावर काढा आणि जिथे जिथे पैसे लागतात तिथे खूण करा. दर प्रदेशागणिक बदलतात आणि काळानुसारही बदलतात, म्हणून खाली मी बहुतेक ठिकाणी युनिटच मोजलीत. दर शेवटी लावायचा.

१७ कोटींना ८६,४०० ने भागलं की सेकंदाला साधारण २,००० इव्हेंट होतात. दीड केबीने गुणलं की सेकंदाला ३ एमबी, दिवसाला २५५ जीबी, आणि ३० दिवसांत साडेसात टीबीच्या थोडं वर. ही झाली आवक. चार वाचक म्हणजे जावक तिच्या चौपट, महिन्याला ३० टीबीच्या पुढे. हा फरक आधी नीट मनात बसू द्या, कारण पुढचं बरंचसं त्याच्यावर अवलंबून आहे.

मायक्रोसॉफ्टच्या अझ्युअर इव्हेंट हब्स या स्ट्रीमिंग सेवेच्या स्टँडर्ड प्रकारात एक थ्रूपुट युनिट, म्हणजे विकत घ्यायच्या क्षमतेचं एक माप, सेकंदाला १ एमबी किंवा १,००० इव्हेंट आत घेतं आणि २ एमबी किंवा ४,०९६ इव्हेंट बाहेर देतं. अ‍ॅमेझॉन कायनेसिस या तशाच सेवेत त्या मापाला शार्ड म्हणतात आणि एका शार्डचं गणितही जवळपास तेच आहे: लिहायला सेकंदाला १ एमबी किंवा १,००० रेकॉर्ड, वाचायला २ एमबी. तुमच्या ३ एमबी आवकेला ३ युनिट पुरतील. पण चार वाचकांची मिळून जावक १२ एमबी होते आणि तिला ६ युनिट लागतात. म्हणजे तुमचा आकार लिहिण्यावरून ठरतच नाही, वाचण्यावरून ठरतो. आवकेवरून अंदाज काढला असता तर निम्माच आला असता.

कायनेसिसमध्ये एन्हान्स्ड फॅन-आउट घेतलं की प्रत्येक वाचकाला प्रत्येक शार्डमागे स्वतंत्र २ एमबी मिळतात आणि शार्ड वाढवावे लागत नाहीत. मात्र त्याचं वेगळं बिल असतं, दर वाचकामागे, दर शार्डमागे, तासाला, आणि वर वाचलेल्या जीबीचं. चारपैकी ज्या वाचकाला खरोखर तातडी आहे त्यालाच ते द्या. रात्री एकदा रिपोर्ट बनवणाऱ्या सिस्टिमला ते देण्यात काहीच अर्थ नाही.

आता गर्दीचा वेग. वर सगळी सरासरी धरली, पण इव्हेंट कधीच एकसारखे येत नाहीत. समजा दिवसाच्या गर्दीत वेग सरासरीच्या अडीचपट होतो. मग आवक साडेसात एमबी, म्हणजे लिहिण्यासाठी ८ शार्ड. त्याच हिशेबाने वाचायला १५ लागतील, पण इथे थोडं थांबून विचार करा. लिहिणं अडलं तर इव्हेंट नाकारले जातात. वाचणं मागे पडलं तर फक्त उशीर होतो. म्हणून लिहिण्याची क्षमता गर्दीच्या वेगाने ठरवावी, आणि वाचण्याची क्षमता किती उशीर चालतो ते विचारून ठरवावी. तुमच्या उदाहरणात ८ शार्ड घेतले तर वाचायला १६ एमबी मिळतात, सरासरी गरज १२ आहे. गर्दीत वाचक मागे पडतील आणि गर्दी ओसरली की भरून काढतील. ही फट ठेवायलाच हवी. वाचण्याची क्षमता नेमकी सरासरीएवढी ठेवली, तर तीन तास बंद पडलेला वाचक मागचा अनुशेष कधीच भरून काढू शकणार नाही.

क्षमता आधी घेऊन ठेवायची की वापरानुसार पैसे द्यायचे, हा प्रश्न इथेच सुटतो. शार्डचे पैसे तासाने लागतात, मध्यरात्री तो रिकामा असला तरी. गर्दीचा वेग आणि सरासरी यांत फार अंतर नसेल तर घेऊन ठेवलेली क्षमता स्वस्त पडते. दिवसातून दोन तास झुंबड आणि उरलेला वेळ शुकशुकाट असा प्रकार असेल, तर ऑन-डिमांड, म्हणजे वापरानुसार पैसे द्यायचा प्रकार, घ्या. नवीन प्रवाहासाठी, जिथे आकार अजून कळलेलाच नाही, तिथेही मी सुरुवातीला ऑन-डिमांडच सुचवतो. इव्हेंट हब्समध्ये ऑटो-इन्फ्लेट नावाची सोय आहे, गरज पडली की ती युनिट वाढवते. ती आपोआप कमी मात्र करत नाही. एका दिवसाच्या झुंबडीने ३ ची १२ युनिट झाली, तर कुणी हाताने किंवा स्क्रिप्टने उतरवेपर्यंत १२ चंच बिल येत राहतं.

यानंतरचा मुद्दा सगळ्यांत जास्त निसटतो, तो म्हणजे राउंडिंग, मोजताना आकडा वरच्या पूर्ण युनिटपर्यंत नेणं. कायनेसिसच्या प्रोव्हिजन्ड (क्षमता आधी घेऊन ठेवायच्या) प्रकारात लिहिण्याचे पैसे २५ केबीच्या पेलोड युनिटने लागतात. तुमचा दीड केबीचा इव्हेंट एकटा पाठवला तरी एक अख्खं युनिट मोजलं जातं. म्हणजे दिवसाला १७ कोटी युनिट. तेच १६ इव्हेंट एकत्र बांधून एका रेकॉर्डमध्ये पाठवले तर २४ केबी होतात, आणि दिवसाला साधारण १ कोटी ६ लाख युनिट लागतात. डेटा तोच, मोजणी सोळापटीने कमी. सेकंदाला १,००० रेकॉर्डची मर्यादाही मग आड येत नाही. अ‍ॅमेझॉनची प्रोड्युसर लायब्ररी (प्रोड्युसर म्हणजे इव्हेंट लिहिणारा प्रोग्रॅम) हे एकत्रीकरण करून देते, फक्त वाचणाऱ्या बाजूला ते सुटं करावं लागतं. दुसरं म्हणजे बांधणी होईपर्यंत इव्हेंट प्रोड्युसरच्या मेमरीत थांबतात. तेवढ्यात ती प्रोसेस पडली तर ते गेले. पैशाच्या व्यवहारांसाठी हे चालेल का, ते तुम्हीच ठरवायचं.

ऑन-डिमांडमध्ये राउंडिंग १ केबीला होतं, म्हणजे तुमचा दीड केबी तिथे २ केबी धरला जातो. आवकेच्या बिलात एक तृतीयांश वाढ इथेच झाली. गूगल पब/सब या संदेश पोचवणाऱ्या सेवेत प्रत्येक रिक्वेस्टला किमान १,००० बाइट मोजले जातात, त्यामुळे २०० बाइटचा संदेश एकेकटा पाठवला तर पाचपट पैसे जातात. तिथेही उपाय तोच, बॅच करून पाठवा. पब/सबमध्ये आणखी एक गोष्ट ध्यानात ठेवा: प्रकाशित करण्याचे पैसे लागतात आणि प्रत्येक सबस्क्रिप्शनला, म्हणजे प्रत्येक वाचकासाठी काढलेल्या जोडणीला, पोचवण्याचेही लागतात. चार सबस्क्रिप्शन म्हणजे तुमचे दिवसाचे २५५ जीबी बिलात १,२७५ जीबी होतात. सबस्क्रिप्शनवर फिल्टर लावला तर गाळलेल्या संदेशांचा नेटवर्कचा खर्च वाचतो, पोचवण्याचे पैसे मात्र लागतातच. एखाद्या वाचकाला शंभरातले पाचच संदेश हवे असतील तर वेगळा टॉपिक (संदेशांचा वेगळा प्रवाह) काढणं बहुतेकदा स्वस्त पडतं.

काफ्का (स्ट्रीमिंगचं ओपन-सोर्स सॉफ्टवेअर) घेणार असाल, स्वतः चालवलेला किंवा एखाद्या कंपनीने चालवून दिलेला, तर सर्व्हर आणि डिस्कच्या आधी झोनमधली वाहतूक मोजा. तीन झोन, प्रत्येक विभाजनाच्या (टॉपिकच्या एका तुकड्याच्या) तीन प्रती, अशी नेहमीची मांडणी धरू. प्रोड्युसर ज्या झोनमध्ये आहे तिथेच लीडर (जिच्यावर आधी लिहिलं जातं ती प्रत) असण्याची शक्यता तीनात एक, म्हणजे २५५ पैकी १७० जीबी दुसऱ्या झोनमध्ये जातात. लीडरकडून दोन प्रती बाकीच्या दोन झोनमध्ये जातात, ते ५१० जीबी. चार वाचकांपैकी प्रत्येकाचा दोन तृतीयांश डेटा दुसऱ्या झोनमधून येतो, ते ६८० जीबी. बेरीज दिवसाला १,३६० जीबी, आवकेच्या पाचपटीहून जास्त. एडब्ल्यूएसवर, म्हणजे अ‍ॅमेझॉनच्या क्लाउडवर, झोनमधल्या वाहतुकीला जीबीमागे दोन्ही बाजूंना १-१ सेंट लागतो, म्हणजे दिवसाला २७ डॉलर, महिन्याला ८०० च्या वर. यात सर्व्हर नाही, डिस्क नाही. अ‍ॅमेझॉनच्या एमएसके या चालवून दिलेल्या काफ्कामध्ये ब्रोकरमधल्या (काफ्काच्या सर्व्हरमधल्या) प्रतींच्या वाहतुकीचे पैसे घेत नाहीत, तेवढे ५१० जीबी तिथे वगळा.

यातला वाचकांचा भाग जवळपास पूर्ण काढून टाकता येतो. काफ्का २.४ पासून वाचक आपल्याच झोनमधल्या प्रतीवरून वाचू शकतो. त्यासाठी ब्रोकरवर रॅक (इथे झोन) ओळखणारा रेप्लिका सिलेक्टर, म्हणजे कोणत्या प्रतीवरून वाचायचं ते निवडणारा भाग, लावायचा आणि क्लायंटला तो कोणत्या झोनमध्ये आहे ते सांगायचं. दोन-तीन ओळींचं कॉन्फिगरेशन आहे, आणि वरच्या उदाहरणात दिवसाचे ६८० जीबी त्याने वाचतात. इतक्या कमी कष्टात एवढी बचत दुसरीकडे कुठे होत असेल असं मला वाटत नाही.

कॉम्प्रेशनचा, म्हणजे डेटा दाबून लहान करण्याचा, फायदा लिहिणं, प्रती, साठवण आणि वाचन अशा प्रत्येक टप्प्यावर होतो, म्हणून ते प्रोड्युसरकडेच करायचं. काफ्कामध्ये जीझिप, स्नॅपी, एलझेड४ आणि झेडस्टँडर्ड असे पर्याय आहेत. जेसन या डेटा लिहायच्या मजकुरी रचनेत प्रत्येक इव्हेंटला फील्डची तीच ती नावं येतात, त्यामुळे तो चांगला दाबला जातो, पण एकत्र दाबला तरच. एकट्या दीड केबीच्या संदेशात पुनरावृत्तीच कमी असते. काफ्का ४.० च्या आधी प्रोड्युसर बॅच भरायची वाट मुळीच पाहत नसे, लिंगरची (बॅचसाठी थांबायची) डीफॉल्ट वेळ शून्य होती. ४.० मध्ये ती ५ मिलिसेकंद झाली. जुन्या क्लायंटवर हा आकडा स्वतः वाढवा. किती टक्के बचत होईल हे कुणाच्या ब्लॉगवरून घेऊ नका, तुमच्या खऱ्या इव्हेंटचा एक तासाचा नमुना घ्या आणि दाबून पाहा.

साठवणीचं थोडक्यात. काफ्कामध्ये डेटा ठेवायची डीफॉल्ट मुदत ७ दिवस आहे आणि बहुतेक ठिकाणी ती कुणी बदललेलीच नसते. तुमच्या आकड्यांनी ७ दिवस गुणिले ३ प्रती म्हणजे ५.३ टीबीच्या पुढे डिस्क. २४ तास ठेवलं तर ७६५ जीबी. वाचक पडला तर किती वेळात दुरुस्त होतो, तेवढी मुदत आणि वर सुट्टीच्या दिवसांची सवलत, बस. जुना डेटा पुन्हा चालवायची गरज असेल तर तो ऑब्जेक्ट स्टोरेजमध्ये (फायली ठेवायच्या वेगळ्या क्लाउड साठ्यात) उतरवून ठेवा.

नियंत्रणाबद्दल माझं मत ठाम आहे: पैशावर अलर्ट लावून भागत नाही. बिलाचे आकडे काही तास उशिरा येतात, आणि बजेट अलर्ट नुसता सांगतो, थांबवत नाही. अलर्ट आत येणाऱ्या आणि बाहेर जाणाऱ्या बाइटवर लावा, ते काही मिनिटांत कळतं. आवक आहे तेवढीच आणि जावक वाढली, तर कुणीतरी नवीन वाचक जोडलाय किंवा एखादा वाचक तेच ते पुन्हा वाचतोय. असा एक प्रकार मी जवळून पाहिलाय. एका टीमच्या पब/सब वाचकाला एका संदेशावर काम करायला अर्धा मिनिट लागत होतं, पोच द्यायची (संदेशाचं काम झालं असं कळवायची) मुदत मात्र डीफॉल्टच होती, १० सेकंद. त्यांनी क्लायंट लायब्ररी न वापरता थेट एपीआय वापरला होता, त्यामुळे मुदत आपोआप वाढत नव्हती. प्रत्येक संदेश पुन्हा पुन्हा पोचवला जात होता आणि दर वेळी मोजला जात होता. आवक आणि जावक यांचे आलेख शेजारी ठेवल्यावर ते लगेच दिसलं. पोच न देता परत टाकलेले संदेश आणि रिट्राय टॉपिकचं (पुन्हा प्रयत्नासाठी ठेवलेल्या संदेशांचं) चक्र यांचंही असंच होतं. म्हणून किती वेळा प्रयत्न करायचा याला मर्यादा घाला आणि त्यापुढचे संदेश डेड-लेटर टॉपिकमध्ये, म्हणजे न जमलेल्या संदेशांसाठीच्या वेगळ्या टॉपिकमध्ये, टाका.

काफ्कामध्ये प्रत्येक क्लायंटला सेकंदाला किती बाइट लिहिता-वाचता येतील याचा कोटा लावता येतो. तो पहिल्या दिवसापासून लावा, कारण नंतर लावायला गेलात की प्रत्येक टीम आपली अडचण सांगत येते. प्रत्येक टॉपिकला आणि सबस्क्रिप्शनला मालकाचं नाव टॅग म्हणून हवंच. टेस्टसाठी काढलेली आणि विसरलेली सबस्क्रिप्शनं कुणाची हेच माहीत नसल्यामुळे ती काढायला कुणी धजत नाही, आणि महिनोन्‌महिने त्यांचं बिल भरलं जातं.

बिलात स्ट्रीमिंगच्या नावाखाली न दिसणारा खर्चही तपासा. कायनेसिसला खासगी नेटवर्कमधून नॅट गेटवेमार्गे (खासगी नेटवर्कमधून बाहेर जायच्या वाटेने) लिहीत असाल तर प्रत्येक जीबीवर गेटवेचे वेगळे पैसे लागतात. इंटरफेस एंडपॉइंट, म्हणजे त्या सेवेपर्यंतची थेट खासगी वाट, लावला की त्याहून कमी दराने काम होतं.

वर्षभराच्या बांधिलकीवर मिळणारी सवलत सुरुवातीलाच घेऊ नका, विकणारा कितीही आग्रह करो. आधी बॅचिंग, कॉम्प्रेशन, मुदत आणि झोन एवढं नीट करा, मग दोन-तीन महिन्यांचा वापर बघा, आणि त्यातली सर्वांत कमी पातळी असेल तेवढ्याचीच बांधिलकी घ्या. कॉम्प्रेशनआधीच्या आकड्यावर करार केला, तर नंतर वाचवलेल्या प्रत्येक जीबीचे पैसे तुम्ही वर्षभर तरीही भरत राहाल.