फ्रेंच सिनेमातील सहायक भूमिकांवर घर चालते का?

सप्रेम नमस्कार.

बारावी झालेल्या आपल्या मुलीला पॅरिसला जाऊन अभिनय शिकायचा आहे, नायिका होण्याचा तिचा हट्ट नाही, सहायक भूमिकाच तिला खुणावतात. आणि अशा भूमिकांवर कोणाचे घर चालते का, ही आपली काळजी आहे. काळजी रास्त आहे आणि मुलीची निवडही समंजस आहे.

फ्रेंच अभिनेत्री दोमिनिक ब्लाँ यांची कारकीर्द तिने बारकाईने अभ्यासावी. सहायक अभिनेत्रीचा सेझार, म्हणजे फ्रेंच सिनेमाचा मानाचा पुरस्कार, त्यांना 1991, 1993 आणि 1999 असा तीनदा मिळाला. त्यांपैकी दुसरा ‘इंदोशीन’ या चित्रपटासाठी, ज्यात नायिका कॅथरीन देनव्ह होत्या. प्रमुख भूमिकेचा सेझार 2001 साली मिळाला, म्हणजे वयाच्या चाळिशीनंतर. मात्र या सर्व काळात त्यांचा पाया रंगभूमीच राहिला. दिग्दर्शक पात्रिस शेरो यांच्या नाटकांतून त्या घडल्या, त्यांच्याच दिग्दर्शनाखाली 2003 मध्ये त्यांनी सतराव्या शतकातील फ्रेंच नाटककार रासीन यांच्या ‘फेद्र’ या पद्यनाटकातील नायिका साकारली, आणि 2016 मध्ये, साठीच्या उंबरठ्यावर, 1680 साली स्थापन झालेल्या कोमेदी-फ्राँसेज या नाट्यसंस्थेत दाखल झाल्या. तिकडे सहायक भूमिका करणारे अनेक कलावंत असे नाटकातून येतात आणि नाटकाकडे परततातही.

पैशाचे म्हणाल, तर फ्रान्समध्ये कलावंतांसाठी बेकारी विम्याची स्वतंत्र व्यवस्था आहे. बारा महिन्यांत 507 तासांचे काम नोंदवले गेले, तर दोन कामांमधल्या रिकाम्या दिवसांत भत्ता मिळतो. नटाचे एक मानधन (एका प्रयोगाचे किंवा चित्रीकरणाच्या एका दिवसाचे) 12 तासांचे धरले जाते, त्यामुळे वर्षाला साधारण 43 मानधने जमवावी लागतात. चार-दोन दिवसांच्या चित्रीकरणातून हा आकडा गाठणे कठीण. तो नाटकाच्या प्रयोगांनी भरून निघतो. परदेशी विद्यार्थ्याला मात्र शिकत असताना वर्षाला 964 तासच काम करता येते, आणि पुढे राहायचे तर परवान्याचा प्रश्न वेगळा सोडवावा लागतो.

खरी अडचण भाषेची आहे, असे माझे स्पष्ट मत आहे. रासीनची ओळ बारा अक्षरांची, सहाव्या अक्षरावर यती. एरवी बोलताना गिळला जाणारा शब्दाच्या शेवटचा ‘अ’सारखा स्वर, पुढे व्यंजन आले की इथे उच्चारावा आणि मोजावा लागतो. आपल्याकडे वृत्तात म्हणण्याची सवय असलेल्या मुलीला यात गोडीच वाटेल, पण सराव वर्षानुवर्षे हवा.

म्हणून तिला लगेच पाठवू नये. इथेच पदवी घेत असताना तिने आलियाँस फ्राँसेज या फ्रेंच शिकवणाऱ्या संस्थेत किमान बी-2 पातळी (स्वतंत्रपणे भाषा वापरता येण्याइतकी) गाठावी, सोबत मराठी प्रायोगिक नाटकात सातत्याने काम करावे, आणि फ्रेंच नाटकातील दोन प्रवेश पाठ करून एखाद्या फ्रेंच भाषक शिक्षकाकडून उच्चार तपासून घ्यावेत. बी-2च्या परीक्षेचा निकाल हाती आला की आपण दोघींनी मला पुन्हा लिहावे. कोणत्या शाळांकडे अर्ज करायचा आणि खर्चाची तजवीज कशी करायची, हे तेव्हा नेमकेपणाने ठरवता येईल.