सालीवरची लिपी

प्रश्न : कोकणातील आमच्या आंब्याच्या खोडावर पांढुरके चट्टे असून त्यांवर काळ्या शाईने गिरवल्यासारख्या वाकड्यातिकड्या रेघा आहेत. हा रोग समजून चुना लावावा काय?

उत्तर : चुन्याची गरज नाही. आपल्या वर्णनावरून हे ग्राफिस प्रजातीतील शैवाक दिसते. म्हणजे बुरशी आणि शैवल यांच्या सहजीवनातून घडलेला, सालीला इतका घट्ट चिकटलेला जीव, की साल खरवडल्याखेरीज तो सुटत नाही. (मसाल्यातील दगडफूलही शैवाकच, पण ते पापुद्र्यासारखे सुटे होते.) काळ्या रेघा ही त्यातील बुरशीची फळे असून, भिंगातून पाहिल्यास रेघेला दोन ओठ व मध्ये चीर दिसते, बीजाणू तेथूनच बाहेर पडतात. चट्टा नखाने हलकेच खरवडल्यास आतील ट्रेंटेपोलिया शैवलाची पिवळसर नारिंगी झाक डोकावते. स्वीडिश वनस्पतिशास्त्रज्ञ लिनियसने १७५३ साली युरोपातील अशाच एका जातीला ‘लिहिलेला’ या अर्थाचे लॅटिन नाव दिले, ते चपखलच म्हणावे लागेल. शैवाक झाडातून अन्न शोषत नाही, साल ही त्याची केवळ बैठक असते. तेव्हा फांद्या वाळत असतील, तर कारण खोडकिड्यात किंवा मुळांशी शोधावे.