प्रायोगिक चित्रपटकार गेल्यावर मागे राहिलेल्या रिळांचे काय करावे?

आपण विचारले आहे की, आयुष्यभर निर्मात्याविना, प्रसिद्धीविना १६ मिलिमीटरवर चित्रपट करत राहिलेले आपले काका वारल्यावर त्यांच्या खोलीत रिळे आणि वह्या राहिल्या आहेत. ती रिळे स्कॅन करून घेतली म्हणजे काम संपेल का? माझ्या मते संपणार नाही, आणि ते का, हे अमेरिकन चित्रपटकार जॅक स्मिथच्या उदाहरणावरून चांगले कळते.

त्याने 'फ्लेमिंग क्रीचर्स' न्यूयॉर्कमधील एका थिएटरच्या गच्चीवर, मुदत संपलेल्या फिल्मवर चित्रित केला. १९६४ मध्ये पोलिसांनी तो जप्त केला, अश्लीलतेचा खटला झाला, आणि त्यानंतर एखादा चित्रपट पुरा करून जगाच्या हाती देणे स्मिथने जवळजवळ सोडूनच दिले. 'नॉर्मल लव्ह' या त्याच्या पुढच्या चित्रपटाची रिळे तो प्रेक्षक समोर बसलेले असताना कापून नव्याने जोडत असे आणि सोबत ग्रामोफोनच्या तबकड्या वाजवत असे. कीर्तनकार गेल्यावर पोथी उरते, त्या रात्रीचे आख्यान उरत नाही, तशीच ही गत. त्यामुळे पुढे चित्रपटकार जेरी टार्टालियाने या चित्रपटांचे पुनरुज्जीवन हाती घेतले, तेव्हा रिळांचा खरा क्रम कोणता मानायचा, हाच मोठा प्रश्न होता.

म्हणून काकांच्या रिळांवरचा एकही जोड 'नीट' करू नका. मी एका परिचिताच्या रिळांवरील पिवळ्या पडलेल्या चिकटपट्ट्या काढून स्वच्छ जोड दिले होते. प्रत्येक प्रयोगाला ते क्रम बदलत असत आणि पट्टीवरचा पेन्सिलचा आकडा म्हणजे त्या प्रयोगाची तारीख होती, हे त्यांच्या वहीतून मला नंतर कळले. ती चूक दुरुस्त होण्यासारखी नव्हती. आधी प्रत्येक जोडाचे छायाचित्र घ्या, आणि ज्यांनी ते प्रयोग पाहिले त्यांच्या आठवणी ध्वनिमुद्रित करा. ज्या डब्याला व्हिनेगरसारखा आंबूस वास येतो, तो त्याच दिवशी वेगळा ठेवा, कारण एका फितीतले आम्ल शेजारच्या फितीलाही लागते. स्कॅन झाल्यावरही मूळ फीत थंड, कोरड्या जागी ठेवायचीच आहे.

मालकीचा विषय अवघड वाटला तरी तो लवकर मिटवा. १९८९ मध्ये स्मिथ वारला तेव्हा त्याचे घर रिकामे होण्याआधी रंगमंच-कलाकार पेनी आर्केड आणि चित्रपट-समीक्षक जे. होबरमन यांनी रिळे व कागद वाचवले, वर्षानुवर्षे सांभाळले; तरीही २००४ मध्ये न्यायालयाने तो संग्रह स्मिथच्या बहिणीचा ठरवला, आणि २००८ मध्ये तो न्यूयॉर्कच्या एका कलादालनाने विकत घेतला. वाचवणारा आणि वारस हे दोघे वेगळे असू शकतात. तेव्हा सर्व वारसांची लेखी संमती आताच घ्या.

आणखी एक, शोध खोलीपुरता ठेवू नका. तेंडुलकरांच्या नाटकावरून 'युक्त' या चित्रपटकारांच्या सहकारी संस्थेने १९७६ मध्ये केलेल्या 'घाशीराम कोतवाल' या चित्रपटाची प्रत बर्लिनच्या आर्सेनल या चित्रपट-संस्थेत टिकून राहिली होती, आणि तिच्यावरूनच त्याचे डिजिटल रूप तयार झाले. 'फ्लेमिंग क्रीचर्स'ची मूळ फीत तर १९७८ मध्ये टार्टालियाला फिल्म धुणाऱ्या एका लॅबच्या टाकाऊ फितींच्या ढिगात सापडली होती. काकांच्या कागदांत लॅबच्या पावत्या असतील, तर लॅब बंद पडली असली तरी तिचा माल कोणी उचलला, याची चौकशी या महिन्यातच सुरू करा.