कोर्लईला जाण्याआधी

प्रिय मुली,

अनेक उत्तम आशीर्वाद.

माहितीपटाचा आराखडा वाचला. सुरुवातीला ड्रोनमधून कोर्लईचा किल्ला, मग गावातल्या ख्रिस्ती लोकांना प्रश्न : ‘तुम्ही स्वतःला कोण समजता?’ दोन्ही काढून टाक, असं मी आग्रहानं सांगेन.

हा प्रश्न त्यांना विचारून झालाय. अभ्यासक येतात, पत्रकार येतात, विचारून जातात. १७४० साली चौल आणि कोर्लई पोर्तुगीजांच्या हातून मराठ्यांकडे आली. सत्ता गेली, गाव राहिलं, आणि पोर्तुगीज-मराठी एकमेकांत मुरून तयार झालेली बोली घराघरांत टिकली. आज ती बोलणारी जेमतेम हजारेक माणसं आहेत. त्यांना पोर्तुगीजांचे अवशेष म्हणून दाखवलंस, तर पावणेतीनशेहून अधिक वर्षांपूर्वी गेलेला राज्यकर्ताच तुझ्या फिल्मचा नायक होईल. ही रायगड जिल्ह्यातली माणसं आहेत. त्यांच्या पोरांची शाळा मराठी, चर्चमधली प्रार्थना मराठी, शेती भाताची.

तू ओटीवर बस. मासळीची टोपली घेऊन कोळीण दारात येईल. घरची बाई मांदेलीच्या वाट्यावरून तिच्याशी मराठीत घासाघीस करील आणि तशीच मान वळवून आतल्या नातवाला आपल्या बोलीत सांगेल, पैसे घेऊन ये. ते मान वळवणं एका सलग शॉटमध्ये घे. मध्ये कट मारलास की पडद्यावर दोन बायका दिसतील. दारात एकच उभी आहे. मला विचारशील तर तुझी सगळी फिल्म त्या एका शॉटमध्ये आहे.

सबटायटलचाही विचार आत्ताच कर. फक्त बोलीखाली अक्षरं उमटली, तर आपल्याच प्रेक्षकाला ही माणसं परकी वाटतील. दोन्ही भाषांना सारखीच दे. खाडीवरचा वारा जोरदार असतो, माइकला फरचं कव्हर लागेल.

बेने इस्रायलांचा, म्हणजे कोकणातल्या मराठी बोलणाऱ्या ज्यूंचा, भाग मात्र या फिल्ममध्ये नको. १९४८ नंतर त्यांतले बहुतेक इस्रायलला गेले, तिथंही अनेकांनी घरात मराठी जपली. एवढी मोठी गोष्ट दहा मिनिटांत कोंबणं त्यांच्यावर अन्याय होईल. तिची वेगळी फिल्म कर, मी मदत करीन.

संमतीपत्रं मराठीत लिही आणि मोठ्यानं वाचून दाखव. रफ कट, म्हणजे फिल्मची पहिली कच्ची जुळणी, महोत्सवाला पाठवण्याआधी गावात दाखव. कुणी म्हणालं, ‘माझं हे बोलणं काढ,’ तर वाद न घालता काढ, मग ते कितीही सुंदर असो. फिल्म लागून गेली की तू दुसरीकडे निघून जाशील. त्या वाक्यासकट शेजाऱ्यापाजाऱ्यांत राहायचं आहे ते त्यांना.

शूटिंग भातलावणीच्या सुमारास धर. तोवर एकदा कॅमेरा न घेता जाऊन ये आणि मग नवा आराखडा पाठव. वाट पाहतोय.