एका घरातले सहा हात: नखांवरच्या रेघांबद्दल

ताई, तुमचा प्रश्न सकाळी वाचला आणि लिहायला बसण्याआधी आणखी दोनदा वाचला, कारण तो एक प्रश्न नाही, तीन आहेत. ज्यांच्या नजरेतून सुटला असेल त्यांच्यासाठी थोडक्यात सांगते. पुण्यातल्या कोथरूडच्या या ताई ४२ वर्षांच्या. त्यांच्या दोन्ही हातांच्या सगळ्या नखांवर साधारण मध्यावर एकेक आडवी खाच आली आहे. बारावीतल्या मुलाच्या दोन्ही अंगठ्यांच्या नखांवर एकाखाली एक आडव्या पन्हळी आहेत. सासूबाई ७१ वर्षांच्या, त्यांच्या नखांवर कित्येक वर्षांपासून उभ्या रेघा आहेत. शेजारणीने कॅल्शियमची कमतरता सांगितली, औषधाच्या दुकानातून बायोटिनच्या (हे एक ब जीवनसत्त्व) गोळ्या आल्या आणि तिघांनीही त्या सुरू केल्या. प्रश्नाच्या शेवटी एक ओळ आहे: ‘बाकी तब्येत ठीक, गणपतीत मला डेंग्यू झाला होता तेवढाच.’

तुमच्या खाचेचं उत्तर त्या शेवटच्या ओळीत आहे.

मी त्वचारोग विभागात परिचारिका होते, निवृत्त होऊन चार वर्षं झाली. निदान करणं तेव्हाही माझं काम नव्हतं, आताही नाही. पण ओपीडीत डॉक्टरांशेजारी उभं राहून मी वर्षानुवर्षं लोकांचे पालथे हात पाहिले आहेत. त्यातून एक सवय लागली ती लागलीच: रेघ दिसली की आधी ती उभी की आडवी ते बघायचं, आणि मग ती किती नखांवर आहे ते मोजायचं. निम्म्या शंका इथेच फिटतात.

आपल्याला नख जिथून दिसायला लागतं तिथे ते तयार होत नाही. ते तयार होतं मागे, कातडीच्या घडीखाली, मुळाशी. अंगठ्यावर जी पांढुरकी चंद्रकोर दिसते ती त्या मुळाचीच पुढची कड. मुळातल्या पेशी केरॅटिन नावाच्या टणक प्रथिनाने भरतात, चपट्या होतात, मरतात आणि मागून येणाऱ्या पेशी त्यांना पुढे ढकलतात. बाहेर दिसतं ते नख मेलेलं असतं, म्हणून तर कापताना दुखत नाही. त्यावर पडलेली खाच वरून काहीही लावून भरून येत नाही, ती पुढे सरकत शेंड्याला जाते आणि कापली जाते.

डेंग्यूसारखा मोठा ताप आला, मोठं ऑपरेशन झालं, केमोथेरपी सुरू झाली की मुळाचं काम काही दिवस मंदावतं. तेवढ्या दिवसांचं नख पातळ निघतं. माणूस बरा झाला की मूळ पुन्हा नेहमीसारखं काम करायला लागतं, पण ती पातळ पट्टी तशीच पुढे येते. बो नावाच्या फ्रेंच डॉक्टरांनी १८४६ साली या खाचांचं वर्णन केलं, म्हणून डॉक्टर मंडळी त्यांना ‘बोज लाइन्स’ म्हणतात. ताप सगळ्या शरीराला आलेला असतो, त्यामुळे खाच बहुतेक सगळ्या नखांवर आणि जवळपास एकाच अंतरावर दिसते. तुमचं अगदी तसंच आहे.

आता हिशेब करून बघा. हाताचं नख महिन्याला साधारण ३ मिलिमीटर वाढतं. ऐकताना हा नुसता आकडा वाटतो. मी तो स्वतःच्या बोटावर मोजला आहे. १३ मे २०२४च्या लोकसभेच्या मतदानाची शाई जाऊन माझं बोट कोरं झालं होतं, तेवढ्यात २० नोव्हेंबरला विधानसभेचं मतदान झालं आणि डाव्या तर्जनीवर पुन्हा जांभळट काळी रेघ आली. कातडीवरची शाई काही आठवड्यांत गेली. नखावरची राहिली, ती नखाबरोबरच जाणार होती. मी महिन्यातून एकदा चष्मा लावून नातवाची फुटपट्टी तिला लावत असे. डिसेंबरच्या विसाव्या दिवशी शाईची मागची कड आणि कातडी यांच्यामध्ये स्वच्छ गुलाबी नखाची ३ मिलिमीटरची पट्टी होती. संक्रांत उलटल्यावर ६. मे महिन्यात शेवटचा काळा तुकडा नेलकटरमध्ये आला. लग्नाच्या मेंदीचा नखावरचा रंगही असाच पुढे सरकतो, घरात नवी सून असेल तर बघा.

तुमची खाच कातडीपासून ६ मिलिमीटरवर असेल, तर ती बाहेर दिसायला लागून दोन महिने झाले. त्याआधी घडीखालून बाहेर यायला तिला महिना-दीड महिना लागला. म्हणजे एकूण तीन-साडेतीन महिने. डिसेंबरच्या मध्यापासून मागे मोजा, बरोबर गणपतीचे दिवस येतात. यासाठी कोणतीही गोळी लागत नाही. आजारातून उठलात, चार घास नीट खा, झोप पुरी करा. लहान मुलांमध्ये हात-पाय-तोंडाचे फोड येऊन गेल्यावर महिना-दोन महिन्यांनी हेच जास्त जोरात होतं, खाच इतकी खोल असते की आख्खं नख मुळापासून सुटून येतं. आया घाबरून धावत यायच्या. खालून नवं नख येत असतं. फक्त सुटणारं नख ओढायचं नाही.

आता तुमचा मुलगा. त्याच्याही रेघा आडव्याच, पण फक्त अंगठ्यांवर, आणि एक नाही, कपडे धुवायच्या जुन्या लाकडी फळीसारख्या एकाखाली एक. हा ताप नव्हे. आज रात्री तो अभ्यासाला बसला की त्याला काही न सांगता दहा मिनिटं त्याच्या हातांकडे बघा. मला जवळजवळ खात्री आहे की तर्जनीचं नख अंगठ्याच्या मुळाशी कातडी मागे ढकलत असेल. आमच्याकडे एक बँकेतले गृहस्थ आले होते. बुरशी समजून त्यांनी आठ महिने मलमं लावली होती. डॉक्टर त्यांच्याशी बोलत होते आणि बोलता बोलता टेबलाखाली त्यांचं बोट अंगठ्याच्या मुळाशी चालूच होतं. मी ते डॉक्टरांना नजरेनेच दाखवलं. त्या गृहस्थांना स्वतःला पत्ताही नव्हता. प्रत्येक ढकलण्याने मुळाला चिमुकला धक्का बसतो आणि नखावर एक वळी उमटते. दिवसभरात असे शेकडो धक्के. अशा अंगठ्यांची चंद्रकोरही मोठी झालेली दिसते.

उपाय साधा आहे, पण चिकाटीचा: दोन्ही अंगठ्यांच्या मुळाशी कागदी सर्जिकल टेप गुंडाळायची, रोज बदलायची. बोट तिथे गेलं की टेप लागते आणि मुलाच्या लक्षात येतं. त्या गृहस्थांचं नख तीन महिन्यांत मुळाकडून गुळगुळीत यायला लागलं होतं. मात्र रागावू नका. ही सवय ताणातून येते, बारावीच्या वर्षात ओरडा बसला तर ती वाढेल. टेप त्याच्या हातात द्या आणि कशासाठी ते सांगा, एवढंच.

सासूबाईंच्या उभ्या रेघांबद्दल मला जरा जास्त बोलायचं आहे, कारण या बाबतीत लोक स्वतःचं सर्वाधिक नुकसान करून घेतात, आणि मीही करून घेतलं आहे.

मुळापासून शेंड्यापर्यंत जाणारे बारीक कंगोरे वयाबरोबर येतात. पन्नाशीनंतर ते बहुतेकांच्या हातावर सापडतात, काहींना घराण्यातूनच लवकर येतात. मुळातल्या पेशी सगळीकडे सारख्या वेगाने तयार होईनाशा होतात, नखात ओलावा धरून राहत नाही. दहाही बोटांवर सारख्या रेघा, रंग नेहमीचा, दुखत नाही, वर्षानुवर्षं तसंच, तर त्याला आजार म्हणायचं नाही. केस पांढरे होतात तसंच हे.

भाचीच्या लग्नाआधी मी एका पार्लरमध्ये गेले होते. तिथल्या मुलीने माझ्या रेघा बघितल्या आणि ‘काकू, एकदम प्लेन करून देते’ म्हणत घासायची पट्टी फिरवायला सुरुवात केली. इतकी वर्षं नखं बघून मला कळायला हवं होतं, पण मी हात पुढे धरून बसले. नखं खरंच काचेसारखी दिसली. तिसऱ्या दिवशी आमटीचं गरम पातेलं उतरवताना बोटांच्या टोकांना चटका नेहमीपेक्षा आत लागला. लिंबू पिळताना नखाखाली चरचरायचं. नख सगळं मिळून अर्ध्या मिलिमीटरच्या आसपास जाड, त्यातलं घासून किती उरणार? कंगोरा घासताना त्याच्या बाजूचं नखही जातं. ते भरून यायला तर मुळापासून नवं नख यावं लागतं. मला सहा महिने लागले, आणि नव्या नखावर त्याच रेघा परत आल्या, कारण रेघ मुळातून येते. सासूबाईंना कोणी नखं घासून द्यायला निघालं तर नको म्हणा.

करायचं ते पाण्यापासून सुरू करा. नख पाणी पितं, फुगतं, वाळलं की आक्रसतं. भांडी, धुणं, फरशी, भाजी धुणं, पुन्हा भांडी: दिवसात वीस वेळा फुगणं आणि वाळणं झालं की टोकाला पापुद्रे सुटतात आणि रेघांच्या जागी नख उभं चिरतं. साबणाने नखातला स्निग्ध अंशही जातो. भांडी घासताना रबरी हातमोजे, आत पातळ सुती मोजे. नुसत्या रबरात घाम साठतो आणि हात पुन्हा ओलेच. आमच्या पिढीतल्या बायकांना मोज्यांचा संकोच वाटतो हे मला माहीत आहे, सासूबाईंना तुम्ही स्वतः घालून दाखवा. रात्री हात धुतल्यावर जरा ओलसर असतानाच खोबरेल तेल किंवा पेट्रोलियम जेली नखाच्या मुळाशी आणि कडेला चोळायची. पुण्यात डिसेंबर-जानेवारीत हवा कोरडी होते, तेव्हा दिवसातून दोनदा. नखं आंघोळीनंतर मऊ असताना कापावीत. मुळाशी असलेली पातळ कातडी कापू नये, ती पाण्याला आणि जंतूंना आत जाऊ देत नाही. ती गेली की नखुरडं झालंच म्हणून समजा. अ‍ॅसिटोन असलेलं नेलपॉलिशचं रिमूव्हर आणि लिंबाची साल दोन्ही नखं कोरडी करतात, दोन्ही टाळा.

गोळ्यांचं आता सांगते. नखात कॅल्शियम नगण्य असतं. त्याचा टणकपणा केरॅटिनमधल्या गंधकाच्या बंधांमुळे येतो. नखावरचे पांढरे ठिपके बहुधा मुळाला कुठेतरी लागलेल्या माराचे असतात, कॅल्शियमचा त्यात संबंध नाही. सासूबाईंना हाडांसाठी डॉक्टरांनी कॅल्शियम दिलं असेल तर ते चालू राहू द्या, नखांसाठी म्हणून घेऊ नका. बायोटिनने ठिसूळ नखांना थोडा फायदा झाल्याचे काही लहान अभ्यास आहेत, पण खाच किंवा उभी रेघ त्याने जात नाही. आणि त्याचा एक धोका दुकानदार सांगत नाही: जास्त मात्रेतलं बायोटिन रक्ताच्या काही तपासण्या चुकवतं. थायरॉइडची तपासणी त्यात येते आणि हृदयविकाराच्या निदानासाठी करतात ती ट्रोपोनिनचीही. अमेरिकेच्या औषध प्रशासनाने २०१७ मध्ये याबद्दल इशारा दिला होता. ७१ वर्षांच्या बाईच्या छातीत दुखलं आणि ट्रोपोनिन खोटंच कमी आलं तर काय होईल, विचार करा. तुम्हा तिघांनाही त्या गोळ्यांची गरज मला दिसत नाही. कुणाला घ्यायच्याच असतील तर डॉक्टरांना विचारून, आणि रक्त देताना लॅबमध्ये सांगून.

रेघ बघून मी स्वतः डॉक्टरांकडे पाठवीन अशा वेळा कोणत्या, तेही लिहिते. नख मध्ये दबून चमच्यासारखं झालं, त्यावर पाण्याचा थेंब ठरतो, सोबत दम लागतो, चेहरा फिका: हिमोग्लोबिन आणि फेरिटिन (शरीरातला लोहाचा साठा) तपासा, लोह कमी असण्याची शक्यता मोठी. नखांवर सुईने टोचल्यासारखे खड्डे, कोपरांवर किंवा डोक्यात खवले, बोटांचे सांधे सकाळी आखडतात: सोरायसिस असू शकतो, आणि सांध्यांचं दुखणं अंगावर काढू नये. उभ्या रेघा काही महिन्यांत झपाट्याने खोल झाल्या, नखं पातळ होऊन चिरायला लागली, मुळाची कातडी नखावर पुढे येऊन चिकटू लागली: लायकेन प्लॅनस नावाच्या आजारात असं होतं, आणि त्यात उशीर झाला तर नख कायमचं जातं. एकाच नखावर खोल उभी पन्हळ आणि तिच्या मुळाशी छोटी गाठ, हेही दाखवा.

आणि काळी रेघ. आपल्या सावळ्या कातडीच्या लोकांमध्ये अनेक नखांवर तपकिरी उभ्या रेघा असणं नेहमीचं आहे. पण मोठ्या वयात एकाच नखावर नवी काळी पट्टी आली, ती रुंद होत चालली किंवा काळेपणा बाजूच्या कातडीवर उतरला, तर तो क्वचित कर्करोग असतो. मग थांबायचं नाही, त्याच आठवड्यात त्वचारोगतज्ज्ञांकडे जायचं. खर्चाची अडचण असेल तर पुण्यात ससून या सरकारी रुग्णालयाची त्वचारोग ओपीडी आहे. जाताना नेलपॉलिश आणि मेंदी नको, दहाही बोटं कोरी हवीत.

तुम्ही आज एवढं करा: उजव्या हाताच्या मधल्या बोटाजवळ फुटपट्टी धरून खिडकीच्या उजेडात फोटो काढा, तसाच एक महिन्याने. खाच ३ मिलिमीटर पुढे गेलेली दिसेल आणि मागून येणारं नख सपाट असेल. महाशिवरात्रीच्या सुमारास ती शेंड्याला पोचेल, अंगठ्याची जरा मागून. तेव्हा तिथे नख कमजोर असेल, ओढणीत अडकून आडवं तुटतं. त्या दोन आठवड्यांत नखं अगदी आखूड ठेवा आणि टोक थोडं थोडं कापा.

फोटो इथे टाकलेत तर मी बघेन. मुलाच्या हातांचं काय दिसलं तेही कळवा.