'अगुर मारिया' : प्रार्थनेच्या सुरुवातीलाच निरोप?

वसईच्या एका ताईंनी विचारलं आहे : त्यांच्या गायनवृंदाने बास्क भाषेतली (स्पेन-फ्रान्सच्या सीमेवर बोलली जाणारी) 'अगुर मारिया' ही मरियामातेच्या प्रार्थनेवरची आजच्या काळातली समूहरचना बसवायला घेतली. शब्दकोशात 'अगुर'चा अर्थ सापडला 'येते, अच्छा'. मग मरियामातेला पहिल्याच शब्दात निरोप कसा?

निरोप नाही ताई, हा नमस्कारच आहे. आपला 'रामराम' घ्या. पारावर कुणी भेटलं की रामराम, उठून निघताना पुन्हा रामराम. आणि 'नोकरीला रामराम ठोकला' म्हटलं की फक्त सोडून जाणं उरतं. 'अगुर'चं तसंच झालं. भेटताना म्हणायला 'काइशो' आणि 'एगुन ओन' रुळले, 'अगुर' बोलण्यात निघण्यापुरता राहिला. शब्द लॅटिन 'ऑगुरियुम'वरून आला, म्हणजे शकुन. कुणाचं शुभ चिंतायचं ते येताना काय नि जाताना काय!

जुना अर्थ मानाच्या प्रसंगी अजून टिकून आहे. पाहुण्याच्या सन्मानार्थ गातात ते पारंपरिक गीत 'अगुर याउनाक', म्हणजे 'मंडळी, नमस्कार'. त्यातला 'याउन' म्हणजे धनी, साहेब. तुमच्या प्रार्थनेत 'याउना दा सुरेकिन' (प्रभू तुझ्याबरोबर आहे) येतं, तिथे तोच प्रभू होतो. 'सुरेकिन'मधलं 'सु' हे सर्वनामही पाहण्यासारखं आहे. मूळचं अनेकवचनी, पुढे आपल्या 'तुम्ही'सारखं एकाच व्यक्तीला आदराने लावलेलं. सलगीचा 'हि' वेगळा. आपण मरियेला 'तू' म्हणतो, बास्क माणूस 'सु' म्हणतो.

मला सगळ्यांत आवडतं ते 'ग्रासिआस बेतेआ'. यातला शेवटचा 'स' ही तृतीयेची खूण : कृपे-ने भरलेली. गोव्यातली कोंकणी प्रार्थना आठवा, 'नमान मोरिये, कुर्पेन भरलेले'. दोन भाषांचं एकमेकींशी काही नातं नाही, तरी घडण हुबेहूब! बास्क मातृभाषेचे फ्रान्सिस झेवियर १५४२ साली गोव्यात उतरले. पुढे दक्षिणेच्या किनाऱ्यावर लोकांची भाषा मलबारी (तमिळला ते असं म्हणत) आणि आपली बास्क, म्हणून एकमेकांचं कळेना, असं त्यांनी १५४४च्या पत्रात लिहिलं आहे. तिथे त्यांनी हीच प्रार्थना तमिळमध्ये करून घेतली.

आता गाण्याविषयी. बास्क संगीतकार हाविएर बुस्तो यांची 'आवे मारिया' याच प्रार्थनेच्या लॅटिन शब्दांवर आहे. 'आवे' स्वरावर संपतं, त्यामुळे हवं तितकं लांबवता येतं. 'अगुर'च्या शेवटी मात्र खणखणीत 'र' आहे. प्रत्यय लागला की तो 'अगुर्रा' असा दुहेरी ऐकू येतो. म्हणून 'गु'तल्या उकारावर थांबा आणि 'र' सगळ्यांनी एकाच क्षणी ठेवा. एकाने जरी आधी सोडला तरी तो करकरतो. 'ग' मराठीतलाच चालेल.