‘स्टिजियन’ या इंग्रजी विशेषणाचा अर्थ काय आणि ते कुठे वापरावे?

‘स्टिजियन’ म्हणजे स्टिक्स या नदीसंबंधीचा. ग्रीक पुराणकथांत ही पाताळातील नदी असून तिचे नाव द्वेष, तिटकारा या अर्थाच्या ग्रीक धातूशी जोडले जाते. या मूळ अर्थापेक्षा आज रूढ आहे तो लाक्षणिक अर्थ: अत्यंत गडद, उदास आणि भयाण. तरीही कोणत्याही काळ्या वस्तूला हे विशेषण लावता येत नाही. काळे केस किंवा काळी साडी ‘स्टिजियन’ नसते, तर वीज गेलेल्या भुयारातील, स्वतःचा हातही दिसू नये असा काळोख ‘स्टिजियन डार्कनेस’ ठरतो. मराठीत येथे ‘मिट्ट काळोख’ चपखल बसतो, मात्र त्यात मृत्यूची छाया येत नाही, आणि माझ्या मते या शब्दाचे सारे बळ त्या छायेतच आहे.

तिसरा अर्थ फारच क्वचित आढळतो, पण मला तो सर्वांत सुंदर वाटतो. देव स्टिक्सच्या पाण्याची शपथ घेत, आणि प्राचीन ग्रीक कवी हेसिअडच्या ‘थिऑगनी’ या काव्यानुसार ती मोडणारा देव वर्षभर श्वासाविना, निःशब्द पडून राही व पुढे नऊ वर्षे देवसभेतून बहिष्कृत होई, म्हणून न मोडता येणाऱ्या शपथेलाही ‘स्टिजियन’ म्हणतात.

इंग्रजी कवी मिल्टनच्या काव्यात हा शब्द भेटतो. साहित्यिक लेखनात तो शोभतो. रोजच्या पत्रव्यवहारात मात्र ‘डार्क’ किंवा ‘ग्लूमी’ पुरेसे आहे.

अनुवाद करताना ‘वैतरणी’ सुचणे स्वाभाविक आहे, परंतु तिच्यासोबत यमलोक आणि गोदानाचे संदर्भ येतात, त्यामुळे मी ती टाळेन.